एका चुलीवरचा दावा

मी, चंद्राबाई कोम कैलासवासी सयाजी खराडे, वय अदमासे बासष्ट, धंदा शेती व घरकाम, राहणार मौजे उंबरवाडी, तालुका वाळवा, जिल्हा सातारा, आज रोजी राजीखुशीने हे मृत्युपत्र करून ठेवते. मिरजेच्या डॉक्टरांनी माझे पोटाचे दुखणे आता बरे होण्यातले नाही असे सांगितले. ते पोटाबद्दल बोलले. डोके माझे जागेवर आहे. परवाच बाजारात एका बागवानाने मला किडकी वांगी गळ्यात मारायला पाहिली आणि त्याला ती परत घ्यावी लागली, यावरून कोणीही खात्री करून घ्यावी. मला कोणी धाक घातलेला नाही, कोणी गोड बोलून वळवलेले नाही. तसे वळणारी मी नाही, हे सातारा जिल्ह्याच्या दोन कोर्टांना ठाऊक आहे.

हा मजकूर मी सांगते आणि इस्लामपूरचे दस्तलेखक हरी अनंत आठल्ये तो लिहून घेतात. हरीपंतांचे म्हणणे असे की, मृत्युपत्रात मिळकत आणि माणसे एवढीच असावीत, बाकीचे मनात ठेवावे. मनात ठेवून ठेवून मनातले कोठार भरले आहे, म्हणून लिहा म्हटले.

कलम पहिले. माझे कुटुंब असे. माझे यजमान सयाजी चौतीस साली छातीच्या दुखण्याने वारले. आम्हांला मूलबाळ नाही. यजमानांचे धाकटे बंधू लालासाहेब, त्यांची बायको रंगूबाई, मुलगा कृष्णात, तो फौजेत आहे, आणि मुलगी विजयमाला, ती सांगलीला मास्तरणीचे शिक्षण घेते. माझे माहेर कुंडल, तिथे भाऊ जोतिबा आहे. एवढीच माझी माणसे. हरीपंतांनी लालासाहेबाला सगळीकडे 'ते' लिहायचे ठरवले होते. मी लग्न होऊन या घरात आले तेव्हा लालासाहेब दुपट्यात होता. सासूबाई अंथरुणाला खिळल्या आणि त्याला मी कडेवर वाढवला. ज्याचे नाक मी माझ्या पदराने पुसले त्याला मरतेवेळी 'ते' म्हणणे मला जमणार नाही. 'तो' लिहावे.

कलम दुसरे. माझ्या मालकीची मिळकत म्हणजे 'हरळीचा तुकडा' म्हणून गावात ओळखले जाणारे रान. ते माझ्याकडे कसे आले हे सांगितल्याशिवाय मी ते कोणाला देऊ शकत नाही.

हे रान सासऱ्यांच्या काळात नुसते पडून होते. हरळी इतकी माजलेली की नांगर टेकला तरी उचलून टाकायची. हरळी वरून कापून जात नाही, मुळी हातभर खाली गेलेली असते, आणि तिचे एक पेर राहिले तरी पावसानंतर पुन्हा सगळे हिरवे. माझे यजमान कुदळीने ढेकूळ फोडत पुढे आणि मी गुडघ्यावर बसून मुळ्या वेचत मागे. असे उन्हाळ्यामागून उन्हाळे आम्ही त्या रानात काढले. मूल होत नव्हते म्हणून बायका बोलायच्या. मी रानात असले की ते ऐकू यायचे नाही. त्या रानात पहिला ऊस उभा राहिला त्या दिवशी यजमान बांधावर बसून लहान मुलासारखे रडले. हे त्यांनी कोणाला सांगू नको म्हटले होते. आता सांगायला हरकत नाही.

यजमान गेल्यावर आठ-नऊ वर्षे काही तक्रार नव्हती. मग लालासाहेबाच्या डोक्यात विहिरीवर तेलाचे इंजन बसवायचे आले. त्यासाठी त्याने हरळीचा तुकडा विकायला काढला. गिऱ्हाईक बांधावर उभे, तेव्हा मला कळले. मी भर उन्हात गेले आणि म्हटले, हे रान विकायचे नाही. लालासाहेबाला चार माणसांत वाईट दिसले. तो ओरडून म्हणाला, "वैनी, तू घरला जा. ह्यात तुझं काय हाय?"

त्या दिवशी मी गुमान घरी आले. पण तो प्रश्न घरी आला आणि माझ्या अंथरुणाशी बसला. ह्यात माझे काय आहे? मी पुष्कळ शोधले. घर सासऱ्यांचे, विहीर दिराची, गोठा दिराचा, अंगावरचे लुगडे दिराने आणलेले. मग मी इस्लामपूरला जाऊन वकील केला.

त्या दिवसांत चळवळीचे पंच गावोगाव बसून न्याय करीत होते. कुंडलच्या बाजूच्या माणसांनी सांगितले, तिथेच मिटवा. लालासाहेब म्हणाला, "गावात सगळी आपलीच. त्यांच्या म्होरं वैनीसंगं भांडायचं म्हंजे लाज वाटती." म्हणून आम्ही परक्यांपुढे भांडायला कोर्टात गेलो. दर तारखेला दोघे एकाच बैलगाडीत बसून जायचो, कारण घरात गाडी एकच होती.

कलम तिसरे. खटला काय होता तो सोप्या बोलीत सांगते. माझे म्हणणे असे की, दोघे भाऊ यजमानांच्या हयातीतच विभक्त झाले होते, सबब यजमानांचा अर्धा हिस्सा माझा. लालासाहेबाचे म्हणणे असे की, कुटुंब शेवटपर्यंत एकत्र होते, सबब सगळे त्याचे आणि मला फक्त अन्नवस्त्र. खरे काय होते? भावांनी रान वेगळे केले होते, पीक वेगळे धरले होते. पण घर एक आणि चूल एक. कायद्याला चूल फार महत्त्वाची वाटते, हे मला वकिलाने सांगितले तेव्हा मला हसू आले. आम्हांला चूल कधी कोणी विचारली नव्हती.

वकील म्हणाले, बाई, दाव्याचा निकाल लागेपर्यंत तरी वेगळी चूल घाला. मी घरी आले आणि परसात जांभळीखाली तीन दगड मांडून चूल केली. संध्याकाळी रंगू पाण्याला जाताना तिने ती पाहिली. दुसऱ्या दिवशी सकाळी मी उठून परसात जाते तो रंगू माझ्या चुलीवर तवा टाकून बसलेली.

मी म्हटले, "अगं, ही माझी येगळी चूल हाय. वकिलानं सांगितलीया."

ती म्हणाली, "आसू दे की. हितं वारं लय चांगलं येतंय, धूर डोळ्यात जात न्हाई. आतली चूल मला कवाच आवडली न्हाई."

त्या दिवसापासून सगळ्या घराचा स्वयंपाक परसातल्या चुलीवर होऊ लागला आणि आतली चूल विझली. वेगळी चूल घालायला गेले आणि पुन्हा एकच चूल झाली. लालासाहेब मुकाट्याने परसात येऊन जेवू लागला. तोंड जांभळीकडे करून बसायचा, पण भाकरी मागून घ्यायचा.

इस्लामपूरच्या कोर्टात उलटतपासणीला त्याच्या वकिलाने मला विचारले, "आज सकाळी भाकरी कोणी थापली?"

"रंगूनं."

"कोणत्या चुलीवर?"

"माझ्या."

"मग रंगूबाईंची चूल कोणती?"

"तीच की. घरात दुसरी हाय कुठं?"

माझ्या वकिलाने कपाळाला हात लावला. कुटुंब एकत्र, बाईला अन्नवस्त्र, असा निकाल झाला. खोटे बोलले असते तर अर्धे रान मिळाले असते असे वकील नंतर म्हणाले. रंगू कोर्टाच्या दारात भाकरीचे गाठोडे घेऊन बसलेली होती. तिच्यासमोर मी काय म्हणायला हवे होते?

कलम चौथे. मी साताऱ्याला अपील केले. ताकारीपर्यंत गाडी, पुढे आगगाडी, मग मोटार. मला एकटीला पाठवायचे नाही म्हणून रंगू प्रत्येक वेळी आली. लालासाहेब तर प्रतिवादीच, त्याला यावेच लागे. मोटारीत मला उलटी व्हायची तेव्हा खिडकीकडची जागा तो भांडून मिळवून द्यायचा, मग माझ्याशी न बोलता पलीकडे बसायचा. कोर्टात माझ्याविरुद्ध आणि मोटारीत माझ्या बाजूने, असा तो माणूस आहे.

सत्तेचाळीस सालच्या उन्हाळ्यातली ती तारीख. न्यायाधीशसाहेबांनी दोन्ही वकिलांना सांगितले की, घरच्या माणसांनी घरात मिटवण्यासारखे आहे, दुपारपर्यंत बोलून पाहा. आम्ही आवारातल्या चिंचेखाली बसलो. रंगूने गाठोडे सोडले. मी इकडे तोंड करून, लालासाहेब तिकडे तोंड करून, मध्ये रंगू आणि भाकरी. वकील मंडळी येरझारा घालीत होती. तेव्हा रंगू बोलली. ती बोलत नाही कधी, म्हणून तिचे शब्द मला तसेच्या तसे आठवतात.

"आवं, दोगंबी आईका. तुमी म्हंताय रान माझं, वैनी म्हंत्यात माझं. कागूद लिवून लिवून हरळीपरास जास्त झालं. त्या सगळ्या कागदांत माझं नाव कुटं हाय? मी वादी न्हाई, परतिवादी न्हाई. आत्याबाईंचं हागणंमुतणं मी काडलं, वैनीसंगं रानात मी वाकले, तुमची पोरं मी वाडवली. उद्या मालक गेलं तर किस्नात म्हनंल, आई, तू घरात बस, ह्यात तुझं काय हाय? मग मी कुटल्या कोर्टात जाऊ?"

लालासाहेबाच्या हातातला घास हातात राहिला. मला तर असे झाले की, माझ्याच अंथरुणाशी बसलेला तो प्रश्न उठून तिच्या अंथरुणाशी जाऊन बसलेला मी डोळ्यांनी पाहिला. इतकी वर्षे मी माझ्यासाठी भांडत होते. माझ्याशेजारी भाकरी थापणाऱ्या बाईचे काय आहे हे मी कधी विचारलेच नव्हते, आणि तिने कधी विचारू दिले नव्हते.

मी लगेच वकिलाला बोलावले. म्हटले, अर्ध्या हिश्शाचा दावा सोडते. विहीर सोडते, उसाचा मळा सोडते. मला फक्त हरळीचा तुकडा द्यावा, पण तो हयातीपुरता नको. पूर्ण मालकीने हवा, मी म्हणेन त्याला देता येईल असा. वकील म्हणाले, बाई, अपिलात तुमची बाजू अगदीच पडती नाही, एवढ्यावर कशाला राजी होता? मी म्हटले, जे हयातीपुरते असते ते फक्त खाता येते. मला द्यायचे आहे.

लालासाहेबाने विचारले, "कुणाला देणार?"

मी म्हटले, "माझं मला ठावं."

त्याला वाटले मी रान कुंडलला जोतिबाच्या घशात घालणार. तरी तो सही करायला तयार झाला, हे त्याचे मोठेपण मी इथे लिहून ठेवते. फक्त त्याने एक अट घातली. तुकड्याला विहिरीच्या पाण्याची पाळी राहील, पण ती वैनीच्या हयातीपर्यंतच. म्हणजे रान जोतिबाकडे गेलेच तर कोरडे जावे. अट हुशारीची होती. मी कबूल केले, कारण त्या वेळी कबूल केले नसते तर संध्याकाळपर्यंत रान हातचे गेले असते. तडजोडीचा हुकूमनामा झाला. परत येताना मोटारीत तो माझ्याशी बोलला. म्हणाला, "वैनी, उलटी आली तर सांग." बाकी चार वर्षांत काही बोलणे झाले नव्हते, तेव्हा एवढे पुष्कळ होते.

आणि इंजन? लढाईत गुळाला भाव आला आणि ते तुकडा न विकताच विहिरीवर येऊन बसले. आता दिवसभर टुकटुक करते. मला आवडत नाही. पाणी मात्र चांगले काढते.

कलम पाचवे. सबब, हरळीचा तुकडा, त्यावरील बांध, बांधावरचे आंब्याचे झाड आणि उभ्या पिकासह, मी माझ्या मागे माझी जाऊ रंगूबाई कोम लालासाहेब खराडे हिला पूर्ण मालकी हक्काने देते. लालासाहेबाला नाही. कृष्णातला नाही. रंगूला. तिने तो कसावा, खंडाने द्यावा, विजयमालेला द्यावा, विकावा, तिची मर्जी. तिच्या नवऱ्याने वा मुलाने तिच्या परवानगीवाचून त्यात नांगर घालू नये. कुंडलला एक वीतही जात नाही, हे लालासाहेबाने वाचून घ्यावे आणि सत्तेचाळीस सालापासून धरलेला श्वास सोडावा.

लोक म्हणतील, रान परत त्याच घरात गेले, मग बाई एवढी भांडली कशाला? ज्यांना कळणार नाही त्यांना समजावण्याइतके आयुष्य मला उरलेले नाही.

एकच गोष्ट मला देता येत नाही, ती पाणी. माझी पाळी माझ्याबरोबर संपते. उसाच्या रानाला पाणी नसले तर तिथे पुन्हा हरळी येईल आणि रंगूच्या हाती कागद तेवढा राहील. याबद्दल मी हुकूम करू शकत नाही. मी लालासाहेबाला सांगते. बाबा, तुला मी तुझ्या आईपेक्षा जास्त दिवस कडेवर घेतले आहे. त्याचा मोबदला मी कोर्टात मागितला नाही, इथेही मागत नाही. फक्त सांगते की माझ्यामागे रान कोरडे आहे.

कलम सहावे. बाकी किरकोळ. बोरमाळ विजयमालेला. ती मोडून तिने सायकल घेतली तरी चालेल, सांगलीत तिला शिकायला लांब जावे लागते. यजमानांची कुदळ कृष्णातला. फौजेत त्याच्या हाती बंदूक आहे, रजेवर आला की ही धरावी, आणि आईच्या रानात आईला विचारून धरावी. कुंडलहून आलेला तांब्याचा हंडा जोतिबाला परत जाईल. जोतिबाने माझ्या खटल्यात कधी तोंड घातले नाही आणि प्रत्येक दिवाळीला मला न्यायला आला. रान त्याला दिले नाही म्हणून माया कमी नव्हती, हे त्याला कोणीतरी नीट सांगावे.

म्हैस रंगूकडेच राहील, तसेही ती माझे ऐकत नाही.

शेजारचा गुंडा याने इस्लामपूरच्या कोर्टात शपथेवर सांगितले की, चंद्राबाईला शेतातले काही कळत नाही. त्याला मी माफ केलेले नाही. माझ्या तेराव्याला त्याला बोलवावे, पान वाढावे, पोळी वाढावी, पण गूळ वाढू नये. का वाढला नाही असे त्याने विचारले तर हरळीच्या तुकड्यावरचा होता असे सांगावे.

माझा अग्नी लालासाहेबाने द्यावा. दुसऱ्या कोणी हात लावू नये. आणि परसातली चूल मोडू नये. तिच्यावरच पाणी तापवून मला शेवटची अंघोळ घालावी.

कलम सातवे. हरीपंत सांगतात की, साक्षीदाराला मृत्युपत्रातला मजकूर ठाऊक असण्याची कायद्याने गरज नाही. मला आहे. म्हणून मी पहिला साक्षीदार म्हणून लालासाहेबाला बोलावले आहे आणि हे सगळे त्याच्यासमोर मोठ्याने वाचावे असे सांगितले आहे. त्याला सही करायची नसेल तर करू नये. दुसरा कोणी मिळेल. पण मग त्याने माझ्याकडे तोंड करून नाही म्हणावे, जांभळीकडे करून नव्हे.

निशाणी डावा अंगठा, चंद्राबाई कोम सयाजी खराडे.

लेखकाचा जादा मजकूर. वरील मृत्युपत्र मी, हरी अनंत आठल्ये, याने बाईंच्या घरी परसात बसून, साक्षीदारांसमक्ष सावकाश वाचून दाखवले. कलम पाचवे वाचून झाल्यावर साक्षीदार लालासाहेब उठून विहिरीच्या बाजूला गेले. आम्ही थांबलो. काही वेळाने ते परत आले, डोळे पुसले होते, आणि पुढे वाचा म्हणाले. वाचन संपल्यावर त्यांनी रंगूबाईंना हाक मारली. त्या चुलीवरून पिठाच्या हातांनी आल्या. आपल्या नावे काय लिहिले आहे हे त्यांना दोनदा सांगावे लागले. त्यांनी बाईंकडे पाहिले. मग पतीला विचारले, "आन् पानी?"

लालासाहेबांनी माझ्याकडून टाक मागून घेतला आणि खालील मजकूर स्वहस्ते लिहिला. अक्षर त्यांचे आहे. शुद्धलेखन मी सुधारले आहे, बाकी काही नाही.

"हरळीच्या तुकड्याला विहिरीचे पाणी राहील. वैनीच्या हयातीपुरते लिहिले होते ते मी रद्द करतो. विहिरीला पाणी आहे तोवर तुकड्याला पाणी. पाळी रंगूबाईने आधी घ्यावी, मग माझ्या मळ्याने. येत्या सोमवारी इस्लामपूरला जाऊन हे रजिस्टर करून देतो. वैनीला गाडीतून मी नेईन. लालासाहेब दाजी खराडे, साक्षीदार."

लिहून झाल्यावर ते बाईंच्या खाटेशी बसले, तोंड त्यांच्याकडे करून. रंगूबाईंनी उभ्यानेच विचारले, "म्हंजे इंजन चालू कर आसं मी म्हनायचं?"

ते म्हणाले, "म्हन की. तुझं हाय."

साक्षीदार क्रमांक दोन, कोंडीबा अर्जुना माने, निशाणी अंगठा.

हस्ताक्षर हरी अनंत आठल्ये, दस्तलेखक, इस्लामपूर.

मुक्काम मौजे उंबरवाडी, चैत्र वद्य पक्ष, शके १८७१, गुरुवार, तारीख २१ एप्रिल १९४९.